पडलेला वाडा आणि उभी राहिलेली भिंत

मोठं घर पडताना बघायला गर्दी जमते. ही माणसाची जुनीच खोड आहे. हल्ली मंडळाच्या कार्यक्रमात जेवणं आटोपून कॉफीचे कप हातात आले, की मुलांची कॉलेजं आणि घरांच्या किमती यांच्या जोडीला तिसरा विषय निघतो तो खऱ्या गुन्ह्यांवर बेतलेल्या मालिकांचा आणि सिनेमांचा. 'हाऊस ऑफ गुच्ची' (२०२१) झाला, मेनेंडेझ बंधूंवरची मालिका (२०२४) झाली आणि २०२५ च्या ऑक्टोबरात हुलूवर 'मर्डॉक: डेथ इन द फॅमिली' ही आठ भागांची मालिका आली. आपल्यापैकी बऱ्याच जणांनी ती पाहिली आहे. तिच्याबद्दल माझं जे मत झालं ते जरा सविस्तर मांडावं, म्हणून हा लेख.

मत थोडक्यात असं. मालिका चांगली वठली आहे, अभिनय पहिल्या प्रतीचा आहे, आणि तरीही मुख्य गोष्ट सांगायची राहून गेली आहे. एक माणूस कसा कोसळला ते ती दाखवते. त्याला इतकी वर्षं उभं कुणी धरलं होतं, हे मात्र ती ओझरतं दाखवून पुढे जाते.

ज्यांना हकीगत ठाऊक नाही त्यांच्यासाठी आधी ती सांगतो. नावाचं स्पेलिंग पाहून उच्चार 'मर्डॉ' असेल असं वाटतं, पण तिथले लोक 'मर्डॉक'च्या जवळचा उच्चार करतात. मीही तोच वापरतो. साउथ कॅरोलायनाच्या किनाऱ्याजवळचा सखल, दलदलीचा मुलूख 'लो कंट्री' म्हणून ओळखला जातो. हॅम्पटन हे तिथलं लहानसं गाव. १९२० साली रँडॉल्फ मर्डॉक हे तिथल्या पाच काउंट्यांचे सॉलिसिटर झाले. सॉलिसिटर म्हणजे तिथला निवडून आलेला मुख्य सरकारी वकील. कोणावर खटला भरायचा, कोणाला सोडायचं, कोणती शिक्षा मागायची, हे त्याच्या हाती. १९४० मध्ये ते रेल्वेच्या धडकेत गेले आणि मुलगा त्या जागी आला. त्याच्यामागून नातू आला. २००६ पर्यंत, म्हणजे तब्बल ८६ वर्षं, ते पद एकाच घरात राहिलं. आपल्याकडच्या शब्दांत सांगायचं तर ही देशमुखीच! शिवाय घराण्याची वकिलीची फर्म त्याच काउंट्यांत अपघातग्रस्तांच्या वतीनं मोठाल्या कंपन्यांवर नुकसानभरपाईचे दावे लावत असे. फौजदारी कोर्टात सरकार तेच, दिवाणी कोर्टात गरिबांचे कैवारीही तेच.

चौथ्या पिढीतला अ‍ॅलेक्स स्वतः कधी सॉलिसिटर झाला नाही, पण त्या कार्यालयात मानद सहायक म्हणून होता. त्या नात्यानं मिळालेला बिल्ला तो गाडीत दिसेल असा ठेवी आणि खासगी गाडीला त्यानं पोलिसांसारखे निळे दिवे बसवून घेतले होते. २०१९ च्या फेब्रुवारीत त्याच्या घरची बोट रात्री एका पुलाला धडकली आणि मॅलरी बीच ही १९ वर्षांची मुलगी गेली. अ‍ॅलेक्सचा धाकटा मुलगा पॉल दारूच्या नशेत ती चालवत होता असा आरोप त्याच्यावर ठेवण्यात आला, पण स्वतःच्या हमीवर त्याला लगेच सोडण्यात आलं. ७ जून २०२१ च्या रात्री कुटुंबाच्या सुमारे १७०० एकरांच्या 'मोझेल' नावाच्या शेतजमिनीवर, कुत्र्यांच्या खुराड्यांपाशी पॉल आणि त्याची आई मॅगी यांना गोळ्या घालून मारण्यात आलं. वर्षभरानं खुनाचा आरोप खुद्द अ‍ॅलेक्सवर आला. २०२३ च्या जानेवारीत वॉल्टरबरो इथे खटला सुरू झाला, सहा आठवडे चालला, आणि २ मार्चला ज्युरीनं तीन तासांच्या आत त्याला दोषी ठरवलं. दुसऱ्या दिवशी दोन जन्मठेपेच्या शिक्षा झाल्या. अशिलांचे पैसे लुबाडल्याचं त्यानं कबूल केलं. खून केल्याचं तो नाकारत आला.

आता मालिकेकडे वळू. अ‍ॅलेक्सची भूमिका जेसन क्लार्कनं केली आहे. 'ओपनहायमर'मधला तो उलटतपासणी घेणारा कठोर वकील आठवत असेल, तोच हा नट. इथे तो अगदी निराळा दिसतो. पाठीवर थाप मारणारा, मोठ्यानं हसणारा, खोलीत शिरला की खोली आपलीच आहे अशा थाटात वावरणारा. असे गावपुढारी आपण सगळ्यांनी पाहिले आहेत. पॅट्रिशिया अर्केटची मॅगी त्याहून अवघड. नवऱ्याच्या कारभारात काहीतरी बिनसलं आहे हे जिला जाणवतं, पण ज्या सुखसोयींत आपण राहतो त्या कुठून येतात हे विचारण्याचं धाडस जिला चटकन होत नाही, अशी ही बाई. बातम्यांत मॅगी आणि पॉल ही केवळ 'बळी' म्हणून येतात. मालिकेनं त्यांना पुन्हा माणसं केलं, हे तिचं मोठं श्रेय. नाटकानं करायचं ते हेच काम, आणि कोर्टाच्या कागदांना ते जमत नाही.

मग अडचण कुठे आहे? माझा डॉक्टरेटचा विषय धातूंच्या भागांत पडणाऱ्या भेगा हा होता. पुढे पोटासाठी सॉफ्टवेअरमध्ये आलो, पण ती दृष्टी सुटली नाही. दांडा तुटतो तो एका क्षणात, मोठा आवाज करून. पण तुटलेला तुकडा हातात घेऊन पाहिला तर पृष्ठभागावर बारीक रेषांचे पट्टे दिसतात. भेग कित्येक दिवस, कधी कित्येक वर्षं, हळूहळू पुढे सरकत होती याची ती नोंद असते. दांडा का तुटला याबरोबरच अभियंत्याला आणखी एक प्रश्न विचारावा लागतो: इतक्या तपासण्या झाल्या, मग भेग कुणालाच कशी दिसली नाही? नाटककाराला स्वाभाविकपणे तुटण्याचा आवाज हवा असतो. माझी तक्रार एवढीच, की या प्रकरणात खरी गोष्ट त्या पट्ट्यांत आहे.

ते पट्टे कोणते ते पाहा. अशिलांना मिळालेली भरपाई नीट गुंतवून देणारी 'फोर्ज' या नावाची एक खरीखुरी कंपनी होती. अ‍ॅलेक्सनं त्याच नावानं बँकेत स्वतःचं खातं उघडलं. फर्ममधून 'फोर्ज'च्या नावे चेक निघत आणि ते अ‍ॅलेक्सच्या खात्यात जमा होत. युक्ती इतकी साधी, की शाळकरी पोरालाही सुचावी. घरी अनेक वर्षं कामाला असलेल्या ग्लोरिया सॅटरफील्ड २०१८ मध्ये मोझेलच्या घरी पडल्या आणि काही दिवसांनी वारल्या. अ‍ॅलेक्सनं त्यांच्या मुलांना सांगितलं, की माझ्यावरच दावा लावा, विम्याचे पैसे मिळतील. आणि वकील म्हणून आपलाच जुना मित्र त्यांना गाठून दिला. विमा कंपन्यांनी ४० लाख डॉलरहून अधिक रक्कम दिली. मुलांच्या हाती त्यातला एक छदामही पडला नाही. त्या मित्राला पुढे तुरुंगवास झाला. गावच्या बँकेचा मुख्य अधिकारी अज्ञान मुलांच्या पैशांचा कोर्टानं नेमलेला विश्वस्त होता, आणि त्याच पैशांतून अ‍ॅलेक्सला कर्जं दिली जात होती. या अधिकाऱ्याला २०२२ मध्ये ज्युरीनं दोषी धरलं, २०२४ मध्ये वरच्या कोर्टानं तो निकाल रद्द केला, आणि २०२५ मध्ये त्यानं स्वतःच गुन्हा कबूल केला.

यात खुनाचं नाट्य नाही. आहेत त्या सह्या. चेक लिहिणारा, तो वटवणारा, तडजोडीच्या कागदावर मान्यतेची सही करणारा, हिशेब पाहणारा. यातले बहुतेक जण चोर नव्हते. 'मर्डॉकचं काम आहे ना, मग ठीकच असणार' एवढा विश्वास पुरला. लुबाडले गेलेले लोक कोण होते? अपंग झालेला तरुण, आई गमावलेल्या मुली, मोलकरणीची मुलं. ज्यांना वकिलाला उलट प्रश्न विचारायची सवय नसते, असे लोक.

पैशाची लबाडी मालिकेत नाही असं मी म्हणत नाही. ती आहे, पण खुनाचं कारण म्हणून आहे. सरकारी वकिलांची बाजूही तीच होती: बोटीच्या अपघातावरून लागलेल्या दाव्यात हिशेब उघडे पडणार होते, खुनाच्याच दिवशी फर्मच्या हिशेबनीस बाईंनी गहाळ फीबद्दल अ‍ॅलेक्सला विचारलं होतं, म्हणून सहानुभूती मिळवण्यासाठी त्यानं हे केलं. कोर्टाला हेतू दाखवावा लागतो, म्हणून तिथे ते योग्यच. नाटकावर मात्र ते बंधन नव्हतं.

गंमत अशी, की खटल्याचा पुरावाही असाच रूक्ष होता. बंदुका सापडल्या नाहीत. सापडल्या त्या फोनच्या नोंदी: कोणाचा फोन केव्हा उघडला, केव्हा बंद झाला, किती पावलं पडली, गाडी केव्हा सुरू झाली. पॉलनं रात्री ८ वाजून ४४ मिनिटांनी एका कुत्र्याची चित्रफीत घेतली होती, मिनिटभराचीही नाही. तिच्यात मागे अ‍ॅलेक्सचा आवाज आहे. आपण त्या वेळी खुराड्यांकडे गेलोच नव्हतो असं तो तपासात सांगत आला होता. ८ वाजून ४९ मिनिटांच्या सुमारास दोघांचे फोन कायमचे थांबले. अ‍ॅलेक्सनं मदतीसाठी फोन केला तो दहा वाजून गेल्यावर. साक्षीच्या पिंजऱ्यात त्याला आपण खोटं बोललो हे कबूल करावं लागलं. रोजच्या कामात अशा नोंदी वाचणाऱ्या माझ्यासारख्याला हे कोणत्याही रडारडीच्या प्रवेशाहून जास्त थरारक वाटतं.

इथे आपल्या रंगभूमीची आठवण येणं अपरिहार्य आहे. सत्ताधारी घराण्यातला खून आणि त्यावरचं नाटक हा प्रकार मराठी माणसाला नवा नाही. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. रामशास्त्री प्रभुण्यांनी खुद्द राघोबादादांना दोषी धरलं. खाडिलकरांनी १९०९ मध्ये यावर 'भाऊबंदकी' लिहिलं आणि ते अफाट गाजलं. पण नाटकं, कादंबऱ्या आणि घरोघरच्या गोष्टी यांनी मिळून आणखी एक निकाल दिला: 'ध'चा 'मा' करणारी आनंदीबाई. त्या अक्षरबदलाला भक्कम कागदी पुरावा नाही हे अभ्यासकांनी पुष्कळदा सांगून झालं. उपयोग शून्य. म्हणीत गेलेली बाई पुन्हा इतिहासात येत नाही. जिवंत रंगवलेलं पात्र साक्षीपुराव्याहून बळकट ठरतं; खऱ्या गुन्ह्यावर नाटक लिहिणाऱ्याच्या डोक्यावर ही जबाबदारी असते.

दुसरा दाखला 'घाशीराम कोतवाल'चा. १९७२ च्या डिसेंबरात पुण्यात त्याचा पहिला प्रयोग झाला आणि वादळ उठलं. तेंडुलकरांनी स्वतःच हे ऐतिहासिक नाटक नव्हे असं म्हटलं होतं. वाद नाना फडणविसांच्या चित्रणावरून झाला, पण त्या प्रयोगातली सर्वांत मोलाची गोष्ट मला नेहमी ती माणसांची भिंत वाटत आली आहे. जब्बार पटेलांच्या त्या प्रयोगात एका ओळीत उभे राहून झुलणारे, गाणारे ब्राह्मण. घटकेत ते पुण्याचे रहिवासी होतात, घटकेत पाठ फिरवून भिंत होतात. भिंतीआड काय चाललं आहे ते त्यांना ठाऊक असतं, कारण ते स्वतःच भिंत असतात. घाशीराम घडवला जातो, वापरला जातो, आणि त्रास होऊ लागला की जमावाच्या हाती दिला जातो. शेवटी भिंत शाबूत राहते, गाणं चालू राहतं. कोणी म्हणेल की नानावर अन्याय झाला. तो वाद आहेच. पण सत्ता एका माणसात नसते, तिला पाठ देणाऱ्या रांगेत असते, हे इतक्या स्वच्छपणे सांगणारं दुसरं नाटक मी पाहिलेलं नाही.

हुलूच्या मालिकेत अशी भिंत नाही. तिच्या जागी एक नायिका आहे: हे प्रकरण खणून काढणारी पत्रकार मॅंडी मॅटनी. ब्रिटनी स्नोनं ती मन लावून केली आहे, आणि त्या बाईंचं खरं कामही मोठं आहे. पण त्यांच्याच ध्वनिमालिकेवर ही मालिका आधारलेली आहे आणि निर्मात्यांमध्येही त्या आहेत. त्यामुळे कथेचा साचा ठरून गेला: एक राक्षस, एक शोध घेणारी, आणि मध्ये गाव. गावानं काय पाहिलं आणि काय पाहायचं नाकारलं, हा प्रश्न बाजूला पडतो. प्रेक्षकही नकळत पत्रकाराच्या बाजूला जाऊन बसतो आणि मनाशी म्हणतो, मी तिथे असतो तर विचारलं असतं.

आणखी एक गोष्ट. घाशीराम आणि नाना जाऊन दोन शतकं होत आली होती. मर्डॉक प्रकरणातली माणसं हयात आहेत. नेटफ्लिक्सचा माहितीपट २२ फेब्रुवारी २०२३ ला आला. अ‍ॅलेक्स साक्षीला उभा राहिला तो २३ ला! घरातल्या हयात मुलानं २०२४ मध्ये माहितीपट काढणाऱ्या कंपन्यांवर अब्रूनुकसानीचा दावा लावला. त्याचं खरं-खोटं कोर्ट ठरवेल. आनंदीबाईला ती सोय नव्हती. सर्वांत वाईट गोष्ट मात्र कोर्टातच घडली. ज्यांनी निकाल वाचून दाखवला त्या न्यायालयाच्या क्लार्क बाईंनी काही महिन्यांत या खटल्यावर पुस्तक काढलं. मग आरोप झाला, की निकाल दोषी लागावा म्हणून त्यांनी ज्युरींशी बोलणं केलं. २०२४ च्या जानेवारीत न्यायमूर्ती जीन टोल यांनी नवा खटला नाकारला, पण बाईंची साक्ष विश्वासार्ह नाही आणि प्रसिद्धीचा मोह त्यांना पडला होता, असं स्पष्ट सांगितलं. २०२५ च्या डिसेंबरात त्या बाईंनी गुन्ह्यांची कबुली दिली: सीलबंद छायाचित्रं पत्रकाराला दाखवणं, त्याबद्दल खोटं बोलणं, पदाचा वापर पुस्तकासाठी करणं. मालिका आली तेव्हा अ‍ॅलेक्सचं अपील राज्याच्या सर्वोच्च न्यायालयापुढे प्रलंबित होतं. म्हणजे गोष्टीचा बाजार गोष्ट घडत असतानाच आत शिरला होता. मालिकेनं खरं तर यावरच एक अख्खा भाग करायला हवा होता. स्वतःच्या धंद्याकडे बोट दाखवावं लागलं असतं, हे मला समजतं.

वाचकहो, आता मला हे सगळं इतकं का लागलं ते सांगतो. आपण या देशात आलो तेव्हा मागे राहिलेल्यांना एक वाक्य अभिमानानं ऐकवत आलो: 'इथे वशिला चालत नाही.' परवाना काढायचा, घराचे कागद करायचे, कोर्टात जायचं, सगळं नियमानं. ते पुष्कळ अंशी खरंही आहे. मोठ्या शहरांत, जिथे कोणी कोणाला ओळखत नाही, तिथे तर नक्कीच. पण हॅम्पटनसारख्या गावात आजोबांची ओळख ही एक सही असते. तिला शिक्का लागत नाही. मर्डॉक प्रकरण आपल्याला शिकवतं ते एवढंच, की वशिला हा काही देशाचा गुण नसतो. एकच घर फार दिवस न विचारता चालत राहिलं, की तो कुठेही उगवतो. 'अ‍ॅलेक्स विकृत होता' असं म्हणून टीव्ही बंद केला, की हा धडा हातचा जातो. मालिका आपल्याला नेमकी तीच सवलत देते.

खटल्यातला एक प्रसंग माझ्या दृष्टीनं या सगळ्या नाट्याचा कळस आहे, आणि तो कोणाला रचावा लागलेला नाही. वॉल्टरबरोच्या कोर्टाच्या भिंतीवर अ‍ॅलेक्सच्या आजोबांचं, जुन्या सॉलिसिटरचं, तैलचित्र लावलेलं होतं. न्यायाधीश क्लिफ्टन न्यूमन यांनी खटला सुरू होण्याआधी ते उतरवून ठेवायला लावलं. शिक्षा सुनावताना त्यांनी आरोपीला आठवण करून दिली, की याच दालनात तुमच्या घराण्यानं शतकभर लोकांवर खटले चालवले, आणि त्यांतल्या कित्येकांना बहुधा याहून कमी गुन्ह्यासाठी मृत्युदंड मिळाला. न्यूमन हे कृष्णवर्णीय न्यायाधीश. त्या वाक्यामागे त्या मुलखाचा किती इतिहास उभा आहे, ते सांगायला नको.

मालिका जरूर पाहा. क्लार्क आणि अर्केटसाठी पाहा, मुलं मोठी असतील तर त्यांच्याबरोबर पाहा. फक्त प्रत्येक भागानंतर एक प्रश्न आपसांत विचारा: आज दाखवलेल्या लबाडीला किती जणांच्या सह्या लागल्या असतील? आठ भागांनंतर बेरीज करा. मग जेसन क्लार्कच्या मागे एक लांबलचक रांग दिसू लागेल, सभ्य, ओळखीच्या, चर्चला जाणाऱ्या माणसांची. त्यांना या मालिकेत कोणी भूमिका दिलेली नाही.